चुंबकाला न लागणारा खिळा

तिनं रुमालाची गाठ सोडली, आतला खिळा माझ्यासमोरच्या फळीवर ठेवला आणि विचारलं, "हा तुमचा का?"

पोळा होऊन आठवडा झाला होता. देवणीहून उदगीरकडं जाणाऱ्या रस्त्याला माझं पत्र्याचं शेड आहे. बाहेर भुरभुर चालू होती. तिच्या रेनकोटच्या बाह्यांतून पाणी गळत होतं आणि ते माझ्या फळीवर पडू नये म्हणून ती दोन्ही हात मागं धरून उभी होती. मला आधी ते हातच दिसले. मग खिळा.

तीन इंची, काळा पडलेला. त्याचं डोकं पूर्ण गोल नव्हतं, एका बाजूनं कापलेलं होतं. असा खिळा आमच्या भागात एकाच माणसाकडं मिळायचा.

"माझाच," मी म्हणालो. "कुठं सापडला?"

"शिवम्माच्या गाईच्या पोटात."

शिवम्माचा गोठा मी चार महिन्यांपूर्वी बांधून दिला होता. 

"गाय?"

"वाचली. उदगीरला नेऊन पोट उघडलं. खिळा हृदयापासून चार बोटांवर होता, असं तिथले डॉक्टर म्हणाले." तिनं रेनकोट काढून खुंटीला अडकवला. "मी विनीता. दवाखान्यात नवीन आले, पशुधन पर्यवेक्षक."

आता ही बोलणार, मग गाव बोलणार, असं मी धरून चाललो होतो. पण तिनं कोपऱ्यातलं स्टूल ओढलं, खिळा पुन्हा हातात घेतला आणि म्हणाली, "मिस्त्री, मला एक सांगा. याचं अर्धं डोकं कुठं गेलं?"

मी हैदराबादला लाकडी खोकी बनवणाऱ्या कारखान्यात पाच वर्षं होतो. येताना खिळ्यांची बंदूक आणि कंप्रेसर घेऊन आलो. तिच्यावर मी गोठ्यांचे सांगाडे करायचो, शेळ्यांना जमिनीपासून वर बसायला लाकडी माड्या करायचो. लोक बंदुकीचा आवाज ऐकायला यायचे. पण खिळ्याचं डोकं असं का, हे तोवर कुणी विचारलं नव्हतं.

"बंदुकीत सुटे खिळे चालत नाहीत," मी म्हणालो. "एकाला एक चिकटवून त्यांची पट्टी केलेली असते. डोकी पूर्ण गोल ठेवली तर एकमेकाला अडतात. म्हणून एका बाजूनं कापतात."

"म्हणजे जवळजवळ राहायचं तर प्रत्येकानं थोडं डोकं कमी करायचं."

"हाव."

"लग्नासारखं."

मी उठून कंप्रेसरची हवा सोडली. सोडायची काही गरज नव्हती.

"आणि पट्टी तिरकी का?"

"बंदुकीचं तोंड लाकडाच्या बेचक्यात जावं म्हणून. ही चौतीस अंशाची. दुसऱ्या बंदुकांना अठ्ठावीसची लागते, एकवीसची लागते. चुकीची घातली तर बंदूक घेतच नाही."

"मग गाईपेक्षा शहाणी आहे. गाय काय वाटेल ते घेते." ती हसली. मग लगेच पुढचं. "पट्टी कशानं जोडतात?"

"ही कागदानं. काही पट्ट्या प्लास्टिकच्या असतात. काही बारीक तारेच्या."

"मारताना ती तार तुटून उडते?"

"उडते."

"मग गोठ्यात तारेची पट्टी कधीच नको. तेवढासा तारेचा तुकडा खिळ्यापेक्षा वाईट. प्लास्टिकचे तुकडेही नकोत. कागद गाईनं खाल्ला तर पचवेल."

खिळा निवडताना मी लाकूड बघायचो. फळी दीड इंचाची तर खिळा तीन इंची. बाभूळ असेल तर कडीचा खिळा, अंगावर कड्यांसारख्या खाचा असलेला, म्हणजे लाकूड वाळलं, गाईनं धडक दिली तरी तो मागं सरकत नाही. एवढं मला येत होतं. गाईच्या बाजूनं खिळा निवडायचा असतो, हे त्या दिवशी कळलं.

"मग कागदाची पट्टी असताना हा खाली पडला कसा?" तिनं विचारलं.

ते मलाही कळत नव्हतं. तिनं फळीवरची एक पट्टी उचलली. पावसाळी हवेनं कागद मऊ झाला होता. पट्टी मधेच तुटली आणि दहाबारा खिळे तिच्या पायाजवळ खळखळ सांडले.

दोघंही खाली बघत राहिलो.

"असा," ती म्हणाली.

आम्ही गुडघ्यावर बसून खिळे वेचले. शेवटच्या खिळ्यावर दोघांचे हात एकदमच गेले. तिनं हात काढला नाही, खिळा काढला.

दुसऱ्या दिवशी ती लशीची निळी पेटी घेऊन आली. दवाखान्यानं बाद केलेली, एक बिजागरी तुटलेली, पण झाकण घट्ट बसणारी. "खिळे यात ठेवा. ओल लागणार नाही," ती म्हणाली. मी बिजागरी बसवली. बसवताना तिला विचारलं, आता पुढं काय करायचं.

"तुम्ही किती गोठे केलेत?"

"अकरा."

"मग अकरा ठिकाणी खाली पडलेले खिळे उचलायचे. गाईंनी उचलायच्या आधी."

असे आमचे रविवार सुरू झाले. जुन्या लाऊडस्पीकरमधलं चुंबक मी काठीला बांधलं. मी काठी जमिनीवरून फिरवायचो, ती कडबा बाजूला सारायची. खिळे, तारा, बाटलीची बुचं, एकदा कुणाचं तरी पैंजणाचं घुंगरू. तेही चुंबकाला लागलं म्हणून ती म्हणाली, "चांदीचं नाही हे. बाईला सांगू नका, नवरा मार खाईल."

शिवम्माच्या गोठ्यात तिनं मला एक गंमत दाखवली. बोटाएवढं चुंबक ती नळीनं गाईच्या घशात सोडायची. ते पोटाच्या जाळीसारख्या भागात जाऊन बसतं आणि जन्मभर तिथंच राहतं. गाईनं खिळा गिळला तर त्याला धरून ठेवतं, टोचू देत नाही. गिळलेलं चुंबक जागेवर आहे का, हे बघायला तिच्या पर्समध्ये शाळेतल्या मुलांचं असतं तसं होकायंत्र होतं. गाईच्या पुढच्या डाव्या पायाच्या कोपरामागं तिनं ते धरलं. काटा थरथरला आणि गर्रकन गाईकडं वळला.

मी ते तीन वेळा करून बघितलं. उत्तर दिशा सोडून काटा गाईकडं बघतो, हे मला खरंच वाटेना.

"आणि माणसाच्या आत काय आहे ते कसं बघायचं?" मी विचारलं.

"माणसाला होकायंत्र लागत नाही. कान लाल होतात."

मी कानाला हात लावला नाही. पण लावावासा वाटला.

शिवम्मा दारात धान्य पाखडत होती. तिनं सूप थांबवलं. "काय गं डाक्टरीणबाई, सारखी येतीस. गाईला बघाया येतीस का सुताराला?"

"सुताराला," विनीता म्हणाली. "गाय बरी झाली, अव्वा. सुताराचा रोग अजून कळंना."

"जुना हाय तो. पस्तीशी आली, आन् अजून बंदुकीशीच बोलतंय."

मी चौतीसचा होतो. पण ते सांगायची ती वेळ नव्हती.

सातवा गोठा संगप्पाचा. संगप्पाची गाय चंद्री म्हणजे शुद्ध देवणी जातीची, अंगावर एक डाग नाही. आठ महिन्यांची गाभण होती. त्या गोठ्यात मी हौसेनं स्टेनलेस स्टीलचे खिळे मारले होते. गोमूत्र साध्या खिळ्याला दोन-तीन वर्षांत खाऊन टाकतं, स्टेनलेसला काही करत नाही. गव्हाणीवर ते असे चमकायचे की संगप्पा पाहुण्यांना सांगायचा, "सुतारानं चांदीचे खिळे मारलेत."

विनीतानं चंद्रीला चुंबक दिलं, हात धुतले आणि संगप्पाला म्हणाली, "आता निवांत राहा, अण्णा. खिळा गेलाच पोटात तर चुंबक धरून ठेवील."

मी गव्हाणीच्या पायथ्याशी काठी फिरवत होतो. तिथं शेणात काहीतरी चमकलं. माझाच खिळा होता. मी काठी त्याच्यावरून नेली. तो हलला नाही. पुन्हा नेली, अगदी टेकवली. खिळा तिथंच.

मी त्याच्यावर पाय ठेवला.

एवढं आठवतं की विनीता तेव्हा माझ्याकडं पाठ करून नळी पुसत होती, आणि तिच्या वेणीला कडब्याची काडी अडकली होती. पाय न उचलता खिळा पुढं सरकवून मातीत दाबला असता तर कुणाला कळलं नसतं. संगप्पाच्या भावांचे दोन गोठे माझ्याकडं ठरले होते. आणि हे सांगितल्यावर ही बाई माझ्या शेडमधल्या स्टुलावर पुन्हा कशाला बसेल, असं वाटलं. हे मला जास्त लागत होतं.

"म्याडम," मी म्हणालो. पाय उचलला. "याला चुंबक धरत नाही."

ती आली. खिळा धुतला, चुंबकाला लावून बघितला, उलटा करून लावला. तिचा चेहरा पहिल्यांदाच असा झाला की त्यात कुठलाच प्रश्न नव्हता.

"असे किती गोठ्यांत मारलेत?"

"हा एकच."

"तुम्हाला माहीत होतं?"

"आत्ता कळलं."

"आणि आत्ताच सांगितलंत."

"हाव."

संगप्पा आमच्या दोघांच्या तोंडाकडं बघत होता. "म्हंजे, असला खिळा चंद्रीनं खाल्ला असंल तर तुमचं ते चुंबक फुकट?"

"फुकट," विनीता म्हणाली.

संगप्पा गरम डोक्याचा माणूस नव्हता. तो हळूच बोलला, म्हणून जास्त लागलं. "भुजंग, माझ्या गाईला काय झालं तर या गावात तुला मी हातोडा बी धरू देणार न्हाई."

मी गाडीकडं निघालो होतो. विनीता मागून म्हणाली, "कुठं चाललात? या चांदीच्या खिळ्यांच्या पेटीत किती होते?"

"पाचशे. एकच पेटी आणली होती."

"मग मोजा."

खडूनं एकेक डोक्यावर खूण करत मी गोठाभर फिरलो. ती आकडा म्हणायची, मी खूण करायचो. चारशे एकोणऐंशी. वाकले म्हणून काढलेले बारा माझ्या शेडमधल्या डब्यात पडलेले होते. राहिले नऊ. एक माझ्या पायाखाली सापडला होता.

दोन दिवस आम्ही त्या गोठ्याची माती चाळली. घमेल्यानं माती काढायची, चाळणीवर घ्यायची, हातानं चाचपायची. संगप्पाची बायको बसम्मा आधी लांबून बघत होती, दुसऱ्या दिवशी तीही चाळणी घेऊन बसली. तिसरा सापडला, पाचवा सापडला. दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत आठ झाले.

नववा मिळाला नाही.

"आता गाईलाच विचारायचं," विनीता म्हणाली. "रोज."

वशिंडाच्या मागं पाठीला चिमटा घेतला की बरी गाय पाठ खाली दबवते. आत टोचत असेल तर पाठ ताठ धरते, कण्हते, वैरण टाकते. विनीता रोज सकाळी दवाखान्याआधी माझ्या शेडवर यायची, तिथून आम्ही दोघं संगप्पाकडं. ती चिमटा घ्यायची आणि मी श्वास धरायचो. चंद्री पाठ दबवायची. मी श्वास सोडायचो.

"तुम्हीच पाठ दबवता असं वाटतं," ती एकदा म्हणाली.

मग चंद्री रवंथ करेपर्यंत आम्ही गव्हाणीच्या कडेला बसायचो. एका घासाला ती किती वेळा चावते, ते विनीता मोजायची. मला मोजायला लावायची. मोजता मोजता बोलायची. कंधारला किल्ल्याच्या मागं तिचं घर. वडील शाळेत गणित शिकवायचे. लहानपणी त्यांच्या घड्याळाच्या आत काय आहे हे बघायला तिनं ते उघडलं होतं, आणि जोडता आलं नाही तेव्हा स्वतःच जाऊन सांगितलं होतं.

"मारलं?"

"नाही. म्हणाले, खरं सांगितलंस, आता घड्याळ नसलं तरी चालेल." ती चंद्रीकडं बघत होती. "त्या दिवशी तुम्ही पाय उचललात तेव्हा मला तेच आठवलं. पायाखाली ठेवला होतात ना आधी?"

"तुमची तर पाठ होती..."

"काठीचा आवाज थांबला होता."

मी पुढचा घास मोजायचा विसरलो.

त्या दिवसांत तिच्या स्कूटीच्या मागच्या चाकात हवा कमी असायची. "मिस्त्री, तुमच्या कंप्रेसरनं भरून द्या ना." मी भरून द्यायचो. रोज. मला ते काम आवडायचं. ती बाजूला उभी राहायची, हेल्मेट हातात, आणि काहीतरी विचारायची. हवेनं खिळा लाकडात जातो कसा? किती दाब लागतो? कमी पडला तर? कमी पडला तर डोकं वर राहतं, मी सांगायचो, जास्त झाला तर डोकं लाकडात बुडतं आणि पकड जाते. "म्हणजे जोर योग्य हवा," ती म्हणायची. मी म्हणायचो, हाव. आणि चाक दाबून बघायचो.

विसाव्या दिवशी ती आली नाही.

मी एकटा संगप्पाकडं गेलो. चिमटा घेतला. चंद्रीनं पाठ दबवली, वैरण खाल्ली, मला एकदा ढोसलं. गाय ठणठणीत होती आणि मला काही बरं वाटत नव्हतं. शेडवर परत आलो. बंदूक भरली, एक फळी मारायला घेतली, चार खिळे वाकडे गेले.

अकरा वाजता ती रस्त्यानं चालत आली. रुमालाची गाठ सोडली. फळीवर खिळा ठेवला. स्वच्छ, चकचकीत, अर्ध्या डोक्याचा.

"हा तुमचा का?"

मी चुंबक उचलून त्याला लावलं. खिळा हलला नाही.

"माझाच," मी म्हणालो. "कुठं सापडला?"

"पंक्चरवाल्याकडं. माझ्या मागच्या चाकात. पहिल्याच दिवशी संगप्पाच्या गोठ्यात स्कूटी आत घेतली होती ना मी, गव्हाणीपर्यंत."

आम्ही एकमेकांकडं बघितलं.

"वीस दिवस," ती म्हणाली, "तुम्ही रोज त्यात हवा भरत होतात."

"तुम्ही रोज भरून घेत होतात."

"खिळ्यातलं एवढं कळतं तुम्हाला. चाकात हवा का राहत नाही, हे एकदाही विचारलं नाहीत?"

"आणि तुम्ही? सगळ्या जगाला प्रश्न विचारता..."

ती स्टुलावर बसली आणि हसायला लागली. डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसली. मी खिळा उचलून लशीच्या पेटीत टाकला आणि झाकण लावलं. चंद्री वाचली होती. माझा हातोडा वाचला होता. मला हलकं वाटायला पाहिजे होतं.

"मग आता," ती डोळे पुसत म्हणाली, "चंद्रीला रोज बघायला जायचं कारण राहिलं नाही."

"न्हाई राहिलं."

"माझं चाकही आता नीट होईल."

"हाव."

 मी फळीकडं बघत होतो. मग म्हणालो, "शेडवर या की."

"कशाला? इथं गाय नाही."

"सुताराचा रोग कळला नाही, म्हणाला होतात. अर्धवट सोडून कसं चालेल?"

ती उठली. जवळ येऊन तिनं आधी माझा डावा कान बघितला, मग उजवा. अगदी दवाखान्यात बघतात तसा.

"कळलाय," ती म्हणाली. "मलाही झालाय." मग खुंटीवरची पर्स खांद्याला अडकवली. "रविवारी कंधारला या. आमच्या अप्पांना भेटा. जास्त बोलू नका. खरं तेवढं बोला, ते तुम्हाला जमतं."

चंद्रीला कालवड झाली, ती आमच्या लग्नाच्या आधी दहा दिवस. संगप्पानं दोन्ही भावांचे गोठे मलाच दिले. त्यांत मी जस्त चढवलेले लोखंडी खिळे मारले, कडीचे, कागदी पट्टीचे, निळ्या पेटीत कोरडे ठेवलेले. ते लवकर गंजत नाहीत आणि चुंबकाला लागतात. ते निवडायला आम्ही दोघं लातूरला गेलो होतो. दुकानदारानं पाच नमुने समोर ठेवले. विनीतानं पर्समधून होकायंत्र काढलं आणि एकेका खिळ्याजवळ धरून बघायला लागली. दुकानदार माझ्याकडं बघून म्हणाला, "काय बघतायत त्या?" मी म्हणालो, "त्यांना बघू द्या."

सहा वर्षं आम्ही एकत्र राहिलो. शेवटपर्यंत ती मला मिस्त्रीच म्हणायची. गेल्या माघात ती गेली. आजारी होती. त्यातही डॉक्टरांना प्रश्न विचारून तिनं भंडावून सोडलं होतं.

काम मी करतो. परवा मुखेडकडं एक गोठा पुरा केला. मालक बंदुकीचं तोंड निरखत उभा होता. मी काठीनं सगळी जमीन फिरून घेतली, मग चाळणी मागितली आणि गुडघ्यावर बसलो.

"आता कशाला?" तो म्हणाला. "चुंबक फिरवलं की तुम्ही."

"सगळंच चुंबकाला लागत नाही," मी म्हणालो.

तो म्हणाला, "असं का?" आणि माझ्या शेजारी खाली बसला. त्यानं विचारलं, म्हणून मला बरं वाटलं. मी खिळा त्याच्या हातात दिला आणि त्याचं अर्धं डोकं कुठं गेलं, तिथून सांगायला सुरुवात केली.